सातबाऱ्यावरून नाव गायब झालंय? मग फेरफार धरून मागे चालत जा

आमच्या घरात लहानपणापासून एक वाक्य ऐकत आलोय, "ओढ्याकाठच्या रानात आपला निम्मा वाटा आहे." वडील म्हणायचे, आत्या म्हणायची, आजी तर मरेपर्यंत म्हणत होती. पण सातबारा काढून बघायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही कारण भावकीत असलं काही काढलं की संशय घेतला असं होतं ना. चार वर्षांपूर्वी त्या रानात एक प्लॉटिंगवाला टेप घेऊन फिरताना गावातल्या कुणीतरी बघितला आणि फोन केला, तेव्हा पहिल्यांदा मोबाईलवर सातबारा उघडला. चुलत चुलत्यांची तीन नावं. आमचं एकही नाही, आजोबांचं पण नाही.

वकिलाकडे गेलो तर त्यांनी आमची सगळी कहाणी अर्ध्यावर थांबवली आणि एकच विचारलं, तुमच्या आजोबांचं नाव शेवटचं कुठल्या कागदावर होतं आणि ते कुठल्या फेरफाराने, म्हणजे हक्कबदलाच्या कुठल्या सरकारी नोंदीने गेलं? आम्ही गप्प. तर या एका प्रश्नाचं उत्तर कसं शोधायचं ते मी खाली लिहितोय, कारण हे उत्तर हातात असेल तर वकील कामाला लागतो आणि नसेल तर तारखा पडत राहतात. मी वकील नाही, पण चार वर्षं हेच केलंय. आणि हे हिंदू कुटुंबांच्या हिशोबाने लिहितोय, मुस्लिम वारसाहक्काचे नियम वेगळे आहेत आणि गोव्यात तर पोर्तुगीज काळापासूनची पद्धत सगळीच निराळी, तिकडच्यांनी तिकडचाच वकील गाठावा.

आधी डोक्यातला एक गोंधळ काढून टाका. सातबारा हा मालकीचा पुरावा नाही. तो सरकारने सारा वसूल करायला ठेवलेला कागद आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यावरची नोंद खरी आहे असं धरून चालतात, पण कुठपर्यंत, तर उलट काही सिद्ध होईपर्यंत. सुप्रीम कोर्टाने पण कितीतरी वेळा सांगितलंय की फेरफार नोंदीने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही. म्हणजे तुमचं नाव नाही म्हणून जमीन गेली असं नाही, आणि हे विसरू नका, नाव आहे म्हणून जिंकलो असंही नाही. उलट काही सिद्ध करायची जबाबदारी मात्र ज्याचं नाव नाही त्याच्यावर येते, म्हणून तर एवढी यातायात.

आता मागे कसं जायचं. आजचा सातबारा घ्या. फुकट दिसतो तो नुसता बघायला, कोर्टात किंवा अर्जाला लावायला डिजिटल सहीचा घ्यायचा, १५ रुपयात ऑनलाईन मिळतो, सोबत आठ-अ पण काढा म्हणजे त्या खात्यावर अजून कुठले गट आहेत ते कळतं. सातबाऱ्यावर प्रत्येक नावासमोर एक नंबर असतो, तो फेरफार नंबर. हाताने लिहिलेल्या जुन्या सातबाऱ्यावर तो गोलात लिहिलेला असायचा. तो नंबर म्हणजे हे नाव इथे कशामुळे आलं त्याची पावती. त्या फेरफाराची (गाव नमुना ६) नक्कल काढली की त्यात लिहिलेलं असतं की अमुक मयत झाला, त्याचे वारस हे हे, किंवा अमुकने तमुकला अमुक दस्ताने विकली. मग त्या मयताचं नाव ज्या जुन्या सातबाऱ्यावर होतं तो काढायचा, तिथला गोलातला नंबर बघायचा, तो फेरफार काढायचा, परत मागे. जुन्या उताऱ्यावर नावाला कंस केलेला दिसला की समजायचं हे नाव कमी झालंय. कंस कुठल्या नंबराने झाला ते बघायचं. हा कंसच तुमचा खरा शोध आहे.

नक्कल तलाठ्याकडे (आता नाव ग्राम महसूल अधिकारी झालंय पण गावात अजून तलाठीच म्हणतात) सगळी मिळत नाही, जुनं दप्तर तहसीलच्या रेकॉर्ड रूमला जमा झालेलं असतं. नक्कल अर्जावर गावाचं नाव, सर्वे किंवा गट नंबर, फेरफार नंबर आणि साधारण साल लिहायचं, नुसतं "आमच्या जमिनीचे सर्व जुने कागद मिळावेत" असं लिहिलं तर अर्ज तसाच पडून राहतो, आमचा दोन महिने पडला होता आणि चौकशीला गेलो तर म्हणाले नेमकं काय पाहिजे ते लिहा की. काही जिल्ह्यांचं जुनं रेकॉर्ड स्कॅन होऊन "आपले अभिलेख" साईटवर पण आलंय, आधी तिथे डोकवा, हेलपाटे वाचतील. आणि जर कार्यालय म्हणालं की हे पान फाटलंय, वाळवीने खाल्लंय, सापडत नाही, तर ते तोंडी ऐकून परत येऊ नका, "अभिलेख उपलब्ध नाही" असं लेखी घ्या, नाहीच दिलं तर माहिती अधिकारात मागा. त्या एका ओळीच्या पत्राची किंमत मोठी आहे कारण मूळ कागद नष्ट झालाय किंवा मिळत नाही हे दाखवता आलं तरच कोर्ट दुसऱ्या मार्गाने आलेला पुरावा बघतं.

आमच्याकडे काय सापडलं ते सांगतो, म्हणजे नेमकं काय बघायचं ते कळेल. पणजोबा १९५१ ला गेले. १९५२ चा फेरफार, शाई तपकिरी झालेली, तलाठ्याचं अक्षर मात्र सुंदर. त्यात लिहिलं होतं की मयतास मुलगे दोन, पैकी थोरल्याचे नाव दाखल, आणि थोरल्या आजोबांच्या नावापुढे तीन अक्षरं, ए.कु.मॅ. मी ते दोनदा वाचून पुढे गेलो होतो, मला वाटलं आडनावाचं काहीतरी असेल. रेकॉर्ड रूमच्या दारात एक म्हातारे मुद्रांकवाले बसतात त्यांनी बोट ठेवून दाखवलं. एकत्र कुटुंबाचा मॅनेजर! म्हणजे जमीन त्यांची एकट्याची नाही, सगळ्या कुटुंबाची, फक्त सरकारशी व्यवहार करायला एकाचं नाव लावलंय. कुठे ए.कु.क. पण लिहितात, कर्ता या अर्थाने. आणि अ.पा.क. दिसलं तर तो अज्ञान पालनकर्ता, म्हणजे खरा हिस्सेदार लहान होता, त्याच्या वतीने मोठ्याचं नाव आहे.

मग ती तीन अक्षरं गेली कुठे? पुढे गावात जमिनीचे तुकडे जोडायची सरकारी एकत्रीकरण योजना आली, सर्वे नंबरचे गट नंबर झाले, नवीन सातबारा लिहिला गेला, आणि नवीन पानावर थोरल्या आजोबांचं नाव आलं पण ए.कु.मॅ. आलं नाही. कुणी विकलं नाही, कुणी हक्क सोडला नाही, वाटणी झाली नाही, नुसतं उतरवून घेताना राहिलं, आता मुद्दाम राहिलं की चुकून ते देवाला माहीत. १९७८ ला थोरले आजोबा गेले, वारस म्हणून त्यांच्या तीन मुलांची नावं लागली, आणि त्या दिवसापासून कागदावर आमची शाखाच नाही. पण आमच्या बाजूने सगळ्यात मोठी गोष्ट हीच ठरली की ए.कु.मॅ. कमी केल्याचा फेरफारच अस्तित्वात नाही. फेरफाराशिवाय, कुणाच्या आदेशाशिवाय नोंद बदललीय, म्हणजे त्या बदलाला पायाच नाही. तुमच्याकडेही असंच असायची शक्यता खूप आहे, महाराष्ट्रात हजारो घरात हेच झालंय, म्हणून सातबाऱ्याचं जेव्हा जेव्हा पुनर्लेखन झालं, म्हणजे हस्तलिखिताची वही संपली, एकत्रीकरण झालं, संगणकीकरण झालं, त्या प्रत्येक वळणावर आधीचं पान आणि नंतरचं पान शेजारी ठेवून अक्षर न् अक्षर जुळवा. इतर हक्काचा रकाना पण बघा, बहिणींची नावं पुष्कळदा तिथे टाकलेली असतात आणि पुढच्या पानावर गायब होतात.

गट नंबर झाला तिथे अजून एक सांधा जोडावा लागतो. तुम्ही म्हणता सर्वे नंबर अमुकमध्ये आमचा वाटा, आणि समोरचा म्हणतो हा गट वेगळा, तुमचा सर्वे नंबर कुठला ते दाखवा. त्यासाठी भूमी अभिलेख कार्यालयातून एकत्रीकरणाचा जबाब आणि जुन्या सर्वे नंबरचा कुठला गट झाला त्याचा तक्ता काढायचा, शिवाय आकारबंद (क्षेत्र आणि साऱ्याचा तक्ता), फाळणी नकाशा (पोटहिस्से दाखवणारा), गुणाकार बुक (मोजणीचा हिशोब). क्षेत्राचं पण जुळवून दाखवावं लागतं, जुनं एकर-गुंठ्यात, नवीन हेक्टर-आर मध्ये, ४० गुंठ्यांचा एकर आणि हेक्टर म्हणजे साधारण अडीच एकर (नेमकं २.४७), पोटखराबा (लागवडीला न येणारी जमीन) धरला की नाही त्यावर पण फरक पडतो. आमचं ४ एकर १२ गुंठे होतं ते १ हेक्टर ७४ आर झालंय, जुळलं. नाही जुळलं तर घाबरू नका, आधी पोटखराबा बघा.

कुठल्या भागातले आहात त्यावर पण जुना कागद बदलतो. पश्चिम महाराष्ट्रात कडईपत्रक, क-पत्रक असली नावं ऐकायला मिळतील. मराठवाडा निजामाकडे होता, तिथे १९५४-५५ चं खासरा पत्रक हा सगळ्यात कामाचा कागद, त्याआधीचं बरंच उर्दूत. विदर्भात त्याच सुमाराचा अधिकार अभिलेख. कोकणात एका सातबाऱ्यावर चाळीस-पन्नास नावं आणि प्रत्येकासमोर हिश्श्याचे आणे-पै, तिथे नाव शोधण्यापेक्षा आपला हिस्सा किती आण्याचा ते ठरवण्यातच जीव जातो. इनाम-वतनाची जमीन असेल तर पुण्याच्या पेशवे दप्तरापर्यंत जायची वेळ येऊ शकते. आणि पश्चिम महाराष्ट्र-कोकणात जमीन कुळकायद्याने मिळालेली असेल तर कलम ३२-ग चा (किंमत ठरवल्याचा) निकाल आणि ३२-म चं (कुळाने ती विकत घेतल्याचं) सर्टिफिकेट काढा, १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन, त्या दिवशी कुळ म्हणून कुणाचं नाव होतं आणि ते एकट्यासाठी होतं की कुटुंबासाठी, हा तिथला कळीचा मुद्दा असतो.

मोडी कागद सापडला तर आधी लिप्यंतर करून घ्या पण अधिकृत लिप्यंतरकाराकडून, सही-शिक्क्यासकट. गावातल्या एखाद्या हौशी माणसाने वाचून दाखवलं तर घरात समजायला ठीक आहे, कोर्टात ते चालवायला जाऊ नका.

आता जमिनीची साखळी झाली, पण माणसांची साखळी वेगळी सिद्ध करावी लागते, आणि लोक नेमके इथे ढिले पडतात. कागदावर जो मयत आहे तो तुमचा पणजोबाच कशावरून? एका गावात एकाच नावाची तीन माणसं असतात. वंशावळ शपथपत्रावर करायचीच पण ती म्हणजे तुमचंच म्हणणं, तिच्या प्रत्येक कडीला बाहेरचा कागद लागतो. मृत्यू दाखले, जुने असतील तर गाव नमुना १४, ज्याला कोतवाल बुक म्हणतात, त्यात जन्म-मृत्यू लिहिलेले असायचे. शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा, त्यात बापाचं नाव असतं. आमची एक कडी, म्हणजे आजोबा हे पणजोबांचेच मुलगे, कुठेच बसेना, कारण आजोबा शाळेतच गेले नव्हते. शेवटी १९५२ च्या फेरफारातच "मुलगे दोन" म्हणून त्यांचं नाव निघालं. ते नसतं तर नाशिकला क्षेत्रोपाध्यांकडे (तीर्थावरच्या पुरोहितांकडे) जायचं ठरलं होतं, त्यांच्या नामावळीत आपल्या घराण्यातलं कोण कधी येऊन गेलं आणि बरोबर कोण होतं ते सापडतं, आधाराला असा कागद बरा.

इथे एक चूक खूप जण करतात. जमिनीसाठी सक्सेशन सर्टिफिकेट काढायला पळतात. ते बँकेतले पैसे, शेअर, येणी यासाठी असतं. जमिनीसाठी वारस कोण हे ठरवून पाहिजे असेल तर दिवाणी कोर्टातून १८२७ च्या मुंबई रेग्युलेशनखाली वारस दाखला घेतात, आणि त्यानेसुद्धा तुम्ही वारस आहात एवढंच ठरतं, जमीन मयताची होती हे ठरत नाही.

मग येतो प्रश्न की जमीन वडिलोपार्जित की स्वकष्टार्जित. समोरची बाजू नव्वद टक्के वेळा हेच म्हणते की आमच्या बापाने स्वतःच्या पैशाने घेतली. खरेदीखत दाखवा म्हणायचं. सूची दोन (इंडेक्स टू, नोंदवलेल्या दस्तांची यादी) दुय्यम निबंधकाकडे, म्हणजे दस्त नोंदवतात त्या कार्यालयात शोधता येते, अलीकडच्या वर्षांची ऑनलाईन पण दिसते, जुन्यासाठी वकील वर्षावर्षाची फी भरून शोध घेतात. आमच्यात पणजोबांचं नाव त्याच जमिनीवर होतं त्यामुळे हा मुद्दा लगेच पडला. पण एक बारीक गोष्ट सांगून ठेवतो कारण ती मला पण उशिरा कळली. आजोबांची स्वतःची जमीन त्यांच्या मृत्यूनंतर, आणि तो मृत्यू १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानंतरचा असेल तर, वारसाने वडिलांकडे आली म्हणून ती आपोआप वडिलोपार्जित होत नाही, ती वडिलांची स्वतःची धरली जाते, नातवाचा त्यात जन्मापासून हक्क नाही. सुप्रीम कोर्टाचा १९८६ चा चंदर सेन निकाल हेच सांगतो. म्हणून प्रत्येक मृत्यूची तारीख लिहून ठेवा, १९५६ च्या आधी की नंतर यावर सगळं गणित फिरतं. आमचे पणजोबा आधी गेले आणि जमीन त्यांच्याही बापाची, म्हणून आम्हाला ते बरं पडलं.

बहिणी आणि आत्या. याबद्दल गावात इतकी उलटसुलट माहिती फिरते की विचारू नका. महाराष्ट्राने १९९४ लाच मुलींना हक्क दिला होता पण २२ जून १९९४ पूर्वी लग्न झालेल्यांना वगळलं होतं, मग ९ सप्टेंबर २००५ ची केंद्राची दुरुस्ती आली आणि ती अट संपली. त्यावेळी बाप जिवंत असायला पाहिजे का यावर वर्षानुवर्षं भांडणं झाली, ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की नाही, मुलीचा हक्क जन्माने आहे, बाप हयात असण्याची गरज नाही. फक्त २० डिसेंबर २००४ च्या आधी झालेली विक्री किंवा रीतसर वाटणी यामुळे उलटत नाही. आणि त्याच निकालात म्हटलंय की "आमची तोंडी वाटणी झाली होती" हे सहजासहजी मान्य करायचं नाही, त्याला सरकारी कागदाचा आधार पाहिजे. तेव्हा दाव्यात आत्याला सुरुवातीपासून घ्या. आमच्यात थोडी कुजबुज झाली, आत्याला कशाला, ती काही मागत नाही, वगैरे. तिला वगळलं असतं तर दावा आवश्यक पक्षकार नाही म्हणून अडकला असता, हे वकिलाने सांगितल्यावर सगळे गप्प बसले. कुणी म्हणालं की बहिणीने हक्क सोडलाय तर हक्कसोडपत्र नोंदणीकृत आहे का ते विचारा, स्टॅम्प पेपरवर नोटरी केलेलं असेल तर त्याने जमिनीतला हक्क जात नाही. आणि हो, महाराष्ट्रात महिलांना मालमत्तेच्या दाव्याला कोर्ट फी माफ आहे, हे पण माहीत असू द्या.

ताबा. हा आमचा सगळ्यात कच्चा भाग होता कारण कसत ते होते, आम्ही पुण्याला. ते म्हणणार बारा वर्षांहून जास्त काळ आमचा ताबा, आता तुमचा हक्क संपला. पण सहहिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांच्या वतीने धरतात, नुसता एकट्याने कसला म्हणून दुसऱ्याचा हक्क मरत नाही, त्याने उघडपणे "तुझा इथे काही संबंध नाही" असं सांगून बाहेर काढलेलं पाहिजे, आणि एकत्र कुटुंबाच्या जमिनीत ते आपल्याला कळल्यापासून बारा वर्षं मोजतात. म्हणून तुमचा वाटा त्यांनी कधी मान्य केला होता का याचा पुरावा शोधा. शेतसाऱ्याच्या पावत्या, सोसायटीच्या कर्जाला सगळ्यांच्या सह्या, विहिरीच्या किंवा मोटारीच्या कनेक्शनला दिलेलं संमतीपत्र, कारखान्याला ऊस कुणाच्या नावाने गेला, पीकपाहणीचा रकाना.

आमच्याकडे यातलं काही नव्हतं. आजीच्या ट्रंकेत, पातळांच्या खाली, एक निळं इनलँड लेटर निघालं. १९७१ चा पोस्टाचा शिक्का. थोरल्या आजोबांनी धाकट्या भावाला लिहिलेलं, पाऊसपाणी, म्हैस व्याली, आणि मध्येच एक ओळ, "तुमच्या वाट्याचे ज्वारीचे पोते एस.टी.ने पाठविले आहे, पोचल्याचे कळविणे." तुमच्या वाट्याचे! वकिलाने ती ओळ तीनदा वाचली. तीस वर्षांहून जुना मूळ कागद योग्य माणसाच्या ताब्यातून आला तर त्यावरची सही आणि अक्षर खरं असल्याचं कोर्ट गृहीत धरू शकतं, पूर्वी पुरावा कायद्याचं कलम ९० होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमात ते कलम ९२ झालंय. पण हे मूळ कागदाला, झेरॉक्सला नाही. आणि माझ्या चुलत बहिणीने काय केलं असेल, कागद फाटू नये म्हणून प्रेमाने लॅमिनेट करून आणला. तिला काय बोलणार. उद्या कुणी हस्ताक्षर तपासायची मागणी केली असती तर शाई, कागद सगळं प्लास्टिकखाली. जुना कागद मिळाला की प्लास्टिकच्या साध्या पाकिटात ठेवा, लॅमिनेशन नाही, सेलोटेप नाही, मागे पेनाने काही लिहायचं नाही.

एवढं जमलं की मग कुठे जायचं. समोरून नवीन फेरफार पडायच्या तयारीत असेल, विक्रीचा किंवा वारसाचा, तर नोटीस निघाल्यापासून पंधरा दिवसात तलाठ्याकडे लेखी हरकत घ्या आणि पोच घ्या. नोंद तक्रारी रजिस्टरला जाते, मंडळ अधिकारी (तलाठ्याच्या वरचा) दोन्ही बाजू ऐकून निकाल देतो. गावात राहत नसाल तर "आपली चावडी" साईटवर गावाचे प्रलंबित फेरफार दिसतात, मी दर रविवारी सकाळी चहा पिताना बघायचो, सवयच लागली होती. १ एप्रिल २०२५ पासून जिवंत सातबारा मोहीम राज्यभर सुरू झाली, मयतांची नावं काढून वारस लावायचे, काम चांगलंय पण ज्यांची शाखा आधीच गळलीय त्यांनी जास्त सावध राहायचं, कारण चुकीच्या नावाला वारस लागले की चूक अजून एक पिढी खाली उतरते.

नोंद मंजूर होऊन गेली असेल तर प्रांताधिकाऱ्याकडे कलम २४७ खाली अपील, मुदत ६० दिवस, उशीर झाला असेल तर विलंब माफीचा अर्ज, कधी कळलं त्याच्या कागदासकट. पण महसूलचे अधिकारी मालकी ठरवत नाहीत, हे पक्कं लक्षात ठेवा. आम्ही पहिलं वर्ष तिथेच घालवलं, तहसीलदाराकडे कलम १५५ खाली अर्ज केला की ए.कु.मॅ. चुकून राहिलंय ते परत घाला. एक वर्षाने निकाल, ही लेखनातली चूक नाही, हक्काचा वाद आहे, दिवाणी कोर्टात जा. हे त्यांना पहिल्या दिवशी पण सांगता आलं असतं, असो. कलम ८५ ने तहसीलदाराकडून वाटप होतं पण तेही सगळ्यांना मान्य असेल तर, कुणी मालकीचाच मुद्दा काढला की आधी कोर्टातून ठरवून आणा म्हणतात.

म्हणजे वाद खरा असेल तर दिवाणी न्यायालयात वाटपाचा आणि ताब्याचा दावा. त्यात सगळे हिस्सेदार पाहिजेत आणि एकत्र कुटुंबाच्या सगळ्या जमिनी, घर, पडकी जागा, जे काही आहे ते सगळं पाहिजे, फक्त रस्त्याकडेचा भारी गट तेवढा मागितला तर अर्धवट वाटपाचा आक्षेप येतो. लगेच मनाई हुकमाचा अर्ज, म्हणजे दावा चालू असताना विकणार नाहीत, आणि दावा चालू असल्याची लिस पेंडन्सची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून टाका, पुढे कुणी शोध घेतला की त्याला दिसते. आमच्याकडचा प्लॉटिंगवाला ही नोटीस बघूनच गेला, कोर्टाच्या आदेशाची वाट पण बघितली नाही त्याने.

उलटतपासाला वडिलांना उभं केलं तेव्हा समोरच्या वकिलाने विचारलं, चाळीस वर्षात तुम्ही एकदाही सातबारा का काढला नाही? वडील म्हणाले, भावाने पोतं पाठवल्यावर कोण मोजून घेतं का. हे काही कायद्याचं उत्तर नव्हतं, पण त्यानंतर मधल्या सुट्टीत धाकटे चुलते येऊन आमच्या बाकावर बसले.

तडजोड झाली, लोकअदालतीत. तिथे कोर्ट फी परत मिळते आणि निकालावर अपील नसतं, म्हणून सही करायच्या आधी मसुदा चार वेळा वाचा, गट नंबर, क्षेत्र, चतु:सीमा, विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या, वाट कुठून, हे सगळं त्यात पाहिजे. नुसता "निम्मा हिस्सा" लिहिलं तर प्रत्यक्ष सरस-निरस (जमिनीची प्रत बघून) वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ ने कलेक्टरकडे जातं आणि मोजणीच्या रांगेत अजून काही वर्षं. आम्ही आधी खाजगी मोजणी करून नकाशाच जोडला होता. आणि हुकूमनामा (कोर्टाचा अंतिम आदेश) मिळाला म्हणून सातबारा आपोआप बदलत नाही, लोक कपाटात ठेवून देतात आणि दहा वर्षांनी नातवंडं शोधत बसतात. प्रमाणित प्रत घेऊन तलाठ्याकडे अर्ज, फेरफार, मंडळ अधिकाऱ्याची मंजुरी, हे पाठीमागे लागून करून घ्या.

आमची नोंद मागच्या महिन्यात मंजूर झाली. मी रात्रीच १५ रुपये भरून उतारा काढला आणि सकाळी वडिलांना प्रिंट दिली, त्यांनी चष्मा लावून सावकाश वाचली, आत्याचं नाव बघितलं, स्वतःचं बघितलं, आणि म्हणाले, अरे माझ्या बापाचं नाव चुकवलंय यांनी, काना राहिलाय. परत कलम १५५ चा अर्ज केलाय. या वेळेला खरंच लेखनातली चूक आहे.